निजामशाहीची अखेरची दहा वर्षे आणि आपले फलटण



महानुभावांची दक्षिण काशी, नाईक निंबाळकरांची राजधानी आणि माउलींच्या पालखीचा मुक्काम असलेल्या या गावात स्वागत समितीच्या वतीने मी आपले मनःपूर्वक स्वागत करतो.

परिषदेचा विषय आहे १६२६ ते १६३६ हे निजामशाहीचे अखेरचे दशक. मलिक अंबर गेला आणि राज्याचा कणाच मोडला. १६२९ मध्ये लखुजी जाधवराव दौलताबादेस मुजऱ्याला गेले, ते भर दरबारात मुलांसह मारले गेले. पुढे सुलतानाचा काटा खुद्द अंबराच्या मुलाने, फत्तेखानाने काढला. १६३३ मध्ये दौलताबाद मोगलांनी घेतले. शहाजीराजांनी पेमगिरीवर निजामशाही वंशातला एक लहान मुलगा गादीवर बसवून तीन वर्षे झुंज दिली. अखेर १६३६ मध्ये शाहजहान आणि आदिलशहा यांनी तह करून मुलूख वाटून घेतला, आणि माहुलीला राजांना हत्यार खाली ठेवावे लागले.

रयतेचे हाल तर विचारूच नका. पुणे जाळून त्यावर गाढवाचा नांगर फिरला. १६३० च्या दुष्काळात देहूच्या तुकोबांची थोरली बायको अन्न अन्न करीत गेली. त्याच साली शिवनेरीवर शिवराय जन्मले.

यात फलटण कुठे? शहाजीराजांच्या मातोश्री इथल्या निंबाळकरांच्या लेक. भोसले निजामशाहीत वाढलेले, फलटणचे नाईक विजापूरकरांचे सरदार. तरी सोयरीक तुटली नाही. १६४० मध्ये मुधोजी नाईकांच्या सईबाई शिवरायांच्या राणी झाल्या. सुलतान बुडाले, वतने आणि नातीगोती टिकली. स्वराज्याची उभारणी या नात्यांच्या आधारानेही झाली, असे माझे मत आहे. अभ्यासकांनी ते जरूर तपासावे.

तवारिखा दरबाराची बाजू सांगतात. गावाची बाजू महजरांत, निवाडापत्रांत, वतनाच्या भांडणांत सापडते. म्हणून पंचक्रोशीतल्या देशमुख, पाटील, कुलकर्णी घराण्यांना माझी हात जोडून विनंती आहे. माळ्यावर बोचक्यात बांधलेले मोडी कागद वाळवीच्या स्वाधीन करू नका. अभ्यासकांना दाखवा, छायाचित्रे काढू द्या. मूळ कागद तुमच्याच घरी राहतील.

व्यवस्थेत काही उणे राहिले तर पोटात घाला. मनमोकळी चर्चा करा, आमच्या लाडक्या समजुती खोडायच्या असतील तर पुराव्यानिशी खुशाल खोडा. फलटणकर ऐकून घेतील.