फी भरण्याआधी मंजुरीपत्र बघा

शेगावचं इंजिनिअरिंग कॉलेज 1983 मध्ये सुरू झालं, तेव्हा एआयसीटीईचा कायदाच नव्हता. तो 1987 मध्ये आला. आता खामगाव असो की मलकापूर, नवं कॉलेज काढायला किंवा नवी शाखा सुरू करायला या परिषदेची मंजुरी लागते. परिषद तपासणी करू शकते, मंजुरी काढूनही घेऊ शकते. ठाण्यातल्या एका कॉलेजनं परवानगी न घेता जागा बदलली. त्याची मंजुरी गेली आणि 2012 मध्ये सुप्रीम कोर्टानंही तो निर्णय कायम ठेवला.

पदवी मात्र देतं अमरावती विद्यापीठ. म्हणून त्याचं संलग्नीकरणही बघा.

मला नेहमी विचारतात, ‘आपलं अल्पसंख्याक कॉलेज आहे, त्यालाही हे लागू?’ लागू. कलम 30 संस्था चालवायचा हक्क देतं, पण दर्जाच्या नियमांतून सूट देत नाही. टी. एम. ए. पै खटल्यात 2002 मध्ये कोर्टानं हेच सांगितलं. बरंच झालं म्हणतो मी! लॅबमध्ये मशीनच नसेल तर नुकसान आपल्याच पोरापोरींचं.

मंजुरीपत्रावर वर्ष, शाखा आणि जागांचा आकडा तपासा. ऑफिसात ‘प्रस्ताव पाठवलाय, येईलच’ असं सांगितलं, तर फी भरू नका.