फोटो जळतो, आवाज पुढे जातो

सिनेमात आठवण दाखवायची म्हटली की एक ठरलेली रीत असते. पडदा धूसर होतो, रंग फिके पडतात आणि नायक पुन्हा शाळकरी पोर होतो. आपण खुर्चीत बसून दुसऱ्याची आठवण बघतो. आज मी दोन अशा लघुपटांविषयी बोलणार आहे, जे बघणाऱ्याच्याच स्मृतीला कामाला लावतात.

पहिला फ्रेंच दिग्दर्शक क्रिस मार्कर यांचा ‘ला जते’, १९६२चा, २८ मिनिटांचा. लहानपणी पॅरिसच्या ओर्ली विमानतळावर पाहिलेला एका स्त्रीचा चेहरा नायकाच्या मनातून जात नाही. लघुपट जवळजवळ सगळा स्थिर छायाचित्रांचा. एकाच ठिकाणी, ती झोपेतून डोळे उघडते तेव्हा, चित्र हलतं. तेही काही क्षणच. पण तोवर डोळा स्थिर चित्रांना इतका सरावलेला असतो, की नुसती पापणी लवली तरी अंगावर काटा येतो.

दुसरा अमेरिकेच्या हॉलिस फ्रॅम्प्टन यांचा ‘नोस्टॅल्जिया’, १९७१चा. फ्रॅम्प्टन आधी छायाचित्रकार होते. विजेच्या शेगडीवर त्यांचा एकेक फोटो ठेवला जातो. तापलेल्या तारेचं वेटोळं कागदावर काळं उमटतं, कडा वळतात, राख थरथरत राहते. सोबत एक आवाज फोटोची हकिगत सांगतो. पण ती समोरच्या फोटोची नसते, पुढच्या फोटोची असते! ऐकलेलं जपून ठेवावं, तर फोटो येईपर्यंत आवाज आणखी पुढे गेलेला. कान पुढे, डोळे मागे, आणि दोघांची गाठ घालताना आपली दमछाक. शिवाय ‘मी’ म्हणून बोलणारा आवाज फ्रॅम्प्टन यांचा नाही; तो त्यांचे मित्र मायकेल स्नो यांचा आहे. शेवटी ज्या फोटोचं वर्णन होतं, तो तर दिसतच नाही.

असे लघुपट दुर्बोध म्हणून बाजूला सारले जातात. मला हे मान्य नाही. आठवण सुटी, अर्धवट, उशिराच हाती लागते, हे ते पाहणाऱ्याला स्वतः अनुभवायला लावतात. ऐकलेल्यातून चित्र उभं करणं तर तुम्ही रेडिओचे श्रोते रोजच करता.

म्हणून गावोगावच्या फिल्म सोसायट्यांना माझी विनंती आहे: मोठ्या चित्रपटाआधी असा एखादा लघुपट जरूर दाखवा, आणि दिवे लागल्यावर प्रेक्षकांना काय काय आठवतं, ते विचारा.