वॉर्सातला एक शनिवार आणि अकरा मिनिटांचं रेकॉर्डिंग

(या भागाचं लेखी रूप. बोलताना अडखळलो ते काढलं आहे, बाकी जवळजवळ तसंच ठेवलं आहे.)

आजचा भाग प्रवासाचा आहे, पण खादाडी आणि शॉपिंग यातलं त्यात फारसं काही नाही. ऑफिसच्या कामासाठी मी दोन आठवडे पोलंडच्या राजधानीत, वॉर्सात होतो. पोलिश भाषेतला एकच शब्द शिकलो, 'जेंकुये', म्हणजे धन्यवाद. दुकानात, ट्राममध्ये, कॅन्टीनमध्ये तेवढ्यावर निभावलं.

एक शनिवार मोकळा मिळाला. ग्रुप टूर स्वस्त पडते, पण तिचा रस्ता ठरलेला असतो. मला एक अशी जागा बघायची होती जी मी पाहिलेल्या एकाही ग्रुप टूरच्या यादीत नव्हती. म्हणून जरा जास्त पैसे घालून प्रायव्हेट टूर घेतली. एक गाडी, एक गाईड, सात तास. गाईड म्हणजे साठीच्या आसपासच्या, शाळेत इतिहास शिकवून निवृत्त झालेल्या बाई. आपल्याकडे शिक्षिकेला बाईच म्हणतात, म्हणून मीही इथे त्यांना बाईच म्हणतो.

ती जागा म्हणजे कोल्हापूरचं स्मारक. हो, वॉर्सात कोल्हापूरच्या नावाचं स्मारक आहे. 2024 च्या ऑगस्टमध्ये पंतप्रधान तिथे गेले होते, तेव्हा बातम्यांत तुम्हीही पाहिलं असेल. मी कोल्हापूरचा, आणि मलाही ते त्या बातमीतूनच कळलं. बाईंना आधीच कळवलं होतं. त्या म्हणाल्या, शेवटी जाऊ, आधी शहर बघा, म्हणजे ते स्मारक तिथे का आहे ते कळेल.

सुरुवात राजवाड्यासमोरच्या चौकातून झाली. मध्ये झिग्मुंट राजाचा उंच स्तंभ, मूळचा 1644 चा. मागे रंगीत घरांचं जुनं शहर, अगदी कॅलेंडरवरच्या चित्रासारखं. मी विचारलं, हे सगळं किती जुनं? बाई म्हणाल्या, "माझ्याहून दहाएक वर्षांनी मोठं."

मला वाटलं त्या गंमत करतायत. मग त्यांनी सांगितलं. 1 ऑगस्ट 1944 ला संध्याकाळी पाच वाजता वॉर्सातल्या भूमिगत सेनेनं जर्मनांविरुद्ध उठाव केला. तो 63 दिवस चालला. व्हिस्तुला नदीपलीकडे सोव्हिएत फौजा येऊन पोहोचल्या, पण उठाव वाचवायला त्या पुढे आल्या नाहीत. दीड ते दोन लाख सामान्य नागरिक मेले. शरणागतीनंतर जर्मनांनी उरलेल्या लोकांना शहराबाहेर काढलं आणि रिकामं शहर घराघराने जाळलं, सुरुंग लावून पाडलं. जानेवारी 1945 मध्ये सोव्हिएत आणि पोलिश फौजा आत आल्या तेव्हा सुमारे 85 टक्के शहर उद्ध्वस्त झालेलं होतं. राजाचा स्तंभही पाडलेला होता. तो 1949 मध्ये पुन्हा उभा केला. जुन्या खांबाचे तुकडे आजही राजवाड्याशेजारी आडवे ठेवलेले आहेत.

मग जुनं शहर परत उभं कसं केलं? माझ्यासारख्या माणसाचा पहिला प्रश्न: बॅकअप होता का?

होता, आणि तो दोन प्रकारचा होता. पहिला म्हणजे अठराव्या शतकातला दरबारी चित्रकार बेलोत्तो याने काढलेली वॉर्साच्या रस्त्यांची चित्रं. खिडक्या, कमानी, कोरीवकाम, सगळं बारकाईने रंगवलेलं. दुसरा मला जास्त जवळचा वाटला. युद्धाआधी वॉर्सा पॉलिटेक्निकच्या वास्तुशास्त्राच्या विद्यार्थ्यांनी अभ्यासाचा भाग म्हणून शहरातल्या जुन्या इमारतींची मोजमापं घेऊन नकाशे काढले होते. म्हणजे काय, तर सबमिशन! आम्ही इंजिनिअरिंगला ट्यूबलाइटवर काच ठेवून दुसऱ्याच्या शीटची जीटी मारायचो. त्या पोरांनी इमारतीसमोर उभं राहून टेप लावली होती. ते नकाशे प्राध्यापकांनी शहराबाहेर काढले आणि पिओत्रकूव्ह गावच्या मठात लपवले. युद्धानंतर त्यांच्या आधाराने जुनं शहर पुन्हा बांधलं गेलं, आणि 1980 मध्ये युनेस्कोने ते जागतिक वारशात घेतलं.

मी म्हणालो, म्हणजे तंतोतंत कॉपी. बाई म्हणाल्या, "नाही. बेलोत्तोने काही इमारती होत्या त्याहून देखण्या रंगवल्या होत्या. काही घरं तर युद्धाच्या आदल्या दिवशी जशी होती तशी न बांधता चित्रात होती तशी बांधली. परत बांधताना माणूस निवड करतोच."

हे वाक्य लक्षात ठेवा. पुढे लागणार आहे.

तिथून गाडीने ख्वोदना रस्त्यावर गेलो. नोव्हेंबर 1940 मध्ये जर्मनांनी शहरातल्या ज्यूंना भिंतीआड कोंडलं. चार लाखांहून जास्त माणसं. हा रस्ता मधून जायचा, म्हणून घेट्टोचे दोन भाग लाकडी पुलाने जोडले होते. खालून ट्राम, वरून कोंडलेली माणसं. आज फुटपाथवर भिंतीची रेघ लोखंडी पट्ट्यांनी दाखवली आहे. आपण सहज एक पाऊल टाकून ती ओलांडतो. पहिल्यांदा ओलांडताना काहीच वाटलं नाही. बाईंनी सांगितलं की ही रेघ परवानगीशिवाय ओलांडली तर गोळी होती. नंतर प्रत्येक वेळी पाय जरा अडला.

याच घेट्टोत डॉक्टर यानुश कोर्चाक यांचं अनाथालय होतं. जुलै 1942 मध्ये तिथल्या मुलांनी एक नाटक केलं. कुठलं? रवींद्रनाथांचं 'डाकघर'. आजारी अमल, त्याला बाहेर जायची बंदी, खिडकीशी बसून राजाच्या पत्राची वाट बघणारा. प्रयोग 18 जुलैला झाला. 22 जुलैपासून त्रेब्लिंकाच्या मृत्युछावणीकडे गाड्या सुटायला लागल्या. ऑगस्टच्या सुरुवातीला सुमारे दोनशे मुलांना घेऊन कोर्चाक स्वतः चालत त्या गाडीपर्यंत गेले, आणि त्यांच्याबरोबरच मारले गेले. इथे बाई थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मीही नाही.

पुढचा मुक्काम ज्यू इतिहास संस्थेत. तिथे काचेआड एक दुधाचा कॅन आहे. आमच्याकडे डेअरीला दूध घालायला नेतात तसलाच. इमानुएल रिंगेलब्लूम नावाचा इतिहासकार घेट्टोत होता. त्याने पन्नास-साठ जणांचा गुप्त गट जमवला. हे लोक काय गोळा करायचे? डायऱ्या तर होत्याच, पण रेशनकार्डं, ट्रामची तिकिटं, चॉकलेटचे कागद, मुलांचे शाळेतले निबंधसुद्धा. मारणारे आपला इतिहास लिहितील त्याआधी आपण लिहून ठेवायचा, हा हिशेब. मग हे सगळं लोखंडी पेट्यांत आणि दुधाच्या कॅनमध्ये भरून एका शाळेच्या तळघरात पुरलं. त्या गटातले फक्त तिघे युद्धातून वाचले. जागा ठाऊक असलेला एकजण वाचला, म्हणून 1946 मध्ये ढिगाऱ्याखालून पेट्या निघाल्या. 1950 मध्ये दोन कॅन सापडले. तिसरा भाग आजपर्यंत सापडलेला नाही.

तळघर ज्या भागात होतं तो मुरानूव्ह. तिथे चालताना इमारतींकडे जायला पायऱ्या चढाव्या लागतात. मी विचारलं, इथे टेकडी होती का? नव्हती. एप्रिल 1943 मध्ये घेट्टोतल्या उरलेल्या लोकांनी उठाव केला. तो मोडल्यावर जर्मनांनी हा सगळा भाग सपाट केला. युद्धानंतर ढिगारा इतका होता की तो उपसण्याऐवजी त्याच्यावरच नवी वस्ती बांधली. तोच ढिगारा दळून त्याच्या विटा केल्या. इथे बेलोत्तोची चित्रं बघून काही उभं केलं नाही. आणि आमची गल्ली परत बांधा म्हणायला त्या गल्लीतलं कोणी उरलंही नव्हतं.

सात तासांतले सहा तास झाले होते. मग कोल्हापूर.

मॉन्टे कॅसिनोच्या लढाईचं मोठं स्मारक आहे, त्याच्याजवळ हे छोटं स्मारक. दोन्ही शेजारी का, ते बाईंनी उलगडून सांगितलं. 1939 मध्ये पश्चिमेकडून जर्मनी आणि पूर्वेकडून सोव्हिएत रशिया पोलंडमध्ये घुसले. रशियाने लाखो पोलिश माणसांना सैबेरियात, कझाकस्तानात हद्दपार केलं. 1941 मध्ये हिटलर रशियावर उलटला, तेव्हा करार होऊन त्यांतल्या अनेकांची सुटका झाली. त्यांतून जनरल आंडर्स यांची सेना उभी राहिली आणि इराणमार्गे बाहेर पडली. सैनिक पुढे इटलीत लढले, मे 1944 मध्ये मॉन्टे कॅसिनो घेतलं. त्यांच्याबरोबर निघालेल्या बायका-मुलांपैकी काही जामनगरजवळ बालाचडीला आली, आणि सुमारे पाच हजार माणसं कोल्हापूरजवळ वळिवड्याला. 1943 ते 1948. लांबलचक बराकी, शाळा, चर्च, नाटकं, सगळं तिथे होतं.

बाईंनी विचारलं, "तिथे आता काय आहे?"

मी म्हणालो, गांधीनगर. फाळणीनंतर सिंधी निर्वासित आले, त्यांना तीच जागा मिळाली. आता कापडाची मोठी बाजारपेठ आहे. माझ्या बहिणीच्या लग्नाचा बस्ता आम्ही तिथेच बांधला.

"म्हणजे एका निर्वासितांच्या घरात दुसरे निर्वासित," बाई म्हणाल्या. "आणि बराकींपैकी काही उरलंय?"

मला सांगता आलं नाही. शेकडो वेळा त्या रस्त्याने गेलोय, मिरज लाइनवर गाडीतून बघितलंय, पण सांगता आलं नाही. ट्रामची तिकिटं जमिनीत पुरून ठेवणाऱ्यांच्या शहरात उभा होतो, आणि माझ्या घरापासून आठ-दहा किलोमीटरवरच्या गोष्टीबद्दल माझ्याकडे दोन वाक्यं होती. तीही बातमीतली.

बाईंनी टोमणा मारला नाही. एवढंच विचारलं, "तेव्हाचं कोणी आहे का, ज्याला विचारता येईल?"

होतं. माझी आजी. माहेर वळिवड्याच्या शेजारचं, तेव्हा सात-आठ वर्षांची.

परत आल्यावर पहिल्या रविवारी कोल्हापूरला गेलो. आजीसमोर फोन ठेवला. ती आधी म्हणाली, मला काय आठवतंय? मग बोलली. ते तिच्याच शब्दांत सांगतो.

"आमचा आप्पा रोज सकाळी दूध घिऊन कॅम्पात जायचा. गोऱ्यापान बाया, लांबच लांब घरं. दूध घातलं की त्या बाया आप्पाला म्हणायच्या, 'जिंकूया.' रोज. आप्पा घरात यिऊन सांगायचा, लढाई चालू हाय न्हवं, म्हणून म्हणत असतील, जिंकूया. मग त्यो बी त्यांस्नी म्हणायचा, व्हय व्हय, जिंकूया."

मी फोन हातात धरून बसलो होतो. दोन आठवडे ट्राममध्ये आणि दुकानात मी तोच शब्द म्हणत होतो. आजीला सांगितलं की त्या बायका धन्यवाद म्हणत होत्या. आजी खूप हसली. मग म्हणाली, "आप्पाला कुणी सांगितलं न्हाई बघ."

ते रेकॉर्डिंग अकरा मिनिटांचं आहे. त्यात चुकाही असतील. आजीच्या लेखी ते सगळे 'इंग्रज'च. बेलोत्तोसारखं तिनेही थोडं रंगवलं असेल. दोन महिन्यांनी चांगला माइक घेऊन पुन्हा गेलो. म्हटलं, आता नीट तासभर करू. आजीने माझ्याकडे बघितलं आणि विचारलं, "तू कुणाचा?" आता बहुतेक दिवस असेच असतात. कॅम्पाचं विचारलं की ती मान हलवते, बस्स.

तेव्हा जी आहेत ती अकरा मिनिटं. त्यांच्या प्रती मी तीन ठिकाणी ठेवल्या आहेत. बराकींचं म्हणाल तर पुढच्या महिन्यात गांधीनगरला जाऊन स्वतः चालत बघणार आहे. जे दिसेल ते पुढच्या भागात सांगेन.

तुमच्यापैकी वळिवडे, गडमुडशिंगी, उचगाव भागातलं कोणी ऐकत असेल, आणि घरात ऐंशीच्या पुढचं कोणी असेल, तर या रविवारी फोन समोर ठेवून विचारा. चांगल्या माइकसाठी थांबू नका. मी थांबलो होतो.

ऐकल्याबद्दल जेंकुये. भेटू पुढच्या भागात.