न वटलेला चेक आणि फिटलेले ऋण
(वार्षिक संमेलनातील भाषण)



आपल्यात उसनवारी विश्वासावर चालत आली आहे. परंतु व्यवहारात चेक आला की तो कायद्याच्या कक्षेत येतो, हे विसरून चालणार नाही.

१८८१ च्या परक्राम्य संलेख अधिनियमातील १३८ वे कलम १ एप्रिल १९८९ पासून अमलात आले. शिल्लक नसल्यामुळे चेक परत आला आणि नोटीस पोहोचल्यापासून पंधरा दिवसांत रक्कम दिली नाही, तर दोन वर्षांपर्यंत कारावास, चेकच्या दुपटीपर्यंत दंड, अथवा दोन्ही शिक्षा होऊ शकतात.

शिक्षा झाल्यावर पैसे फेडले की सारे मिटले, अशी पुष्कळांची समजूत असते. ती घातक आहे. ऋण धनकोचे असते. शिक्षा न्यायालयाची असते. पावती खिशात असूनही वॉरंट दारी येऊ शकते.

मग मार्ग कोणता? शिक्षेपासून तीस दिवसांत सत्र न्यायालयात अपील करावे. २००२ च्या दुरुस्तीने आलेल्या १४७ व्या कलमानुसार हा गुन्हा आपसांत मिटविता येतो, आणि तो अपिलातही, तसेच पुढे उच्च न्यायालयातही मिटविता येतो. रक्कम बँकेमार्फत द्यावी, लेखी पावती घ्यावी आणि उभयतांच्या सहीचा अर्ज न्यायालयापुढे ठेवावा. तडजोड मान्य झाली म्हणजे शिक्षा रद्द होऊन आरोपी दोषमुक्त ठरतो. तोवर मात्र एकही तारीख चुकवू नये.

विलंबाचे मोलही द्यावे लागते. सर्वोच्च न्यायालयाने २०१० मध्ये सत्र व उच्च न्यायालयांतील तडजोडीसाठी चेकच्या रकमेच्या १५ टक्के खर्च ठरविला होता. २०२५ मध्ये तो ७.५ टक्क्यांवर आणला. म्हणजे लाखाच्या चेकला साडेसात हजार रुपये. बचावाचा पुरावा नोंदविण्यापूर्वीच रक्कम दिली, तर हा भुर्दंड पडत नाही.

आता धनको बांधवांस एक विनंती. तडजोडीस सामान्यतः आपली संमती लागते. पै न् पै पदरात पडल्यावरही जुन्या रागापोटी सही अडवून धरणे योग्य नव्हे. त्या सहीवाचून एखाद्या घरचा कर्ता पुरुष तुरुंगात जाईल आणि आपल्या हाती अधिक काहीच येणार नाही. आपल्या मंडळातील वडीलधाऱ्यांनी अशा वेळी दोघांनाही एकत्र बसवावे.