बाबा, मला विचारलं का नाही?

(रौप्यमहोत्सवी वर्षाच्या शुभारंभाच्या कार्यक्रमात केलेले भाषण)



मला 'तेव्हाचं इंटरनेट' या विषयावर बोलायला सांगितलंय. पाचच मिनिटं आहेत, म्हणून एकच आठवण सांगतो.

विदेश संचार निगमने सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सुरू केलं ऑगस्ट १९९५ मध्ये. आपण इथे राहायला आलो तेव्हाही घरी कॉम्प्युटर असणारे थोडेच. मी नाक्यावरच्या सायबर कॅफेत जायचो. मोठ्या मुलीसाठी स्थळं बघत होतो. तिचा बायोडाटा, म्हणजे जन्मवेळ, पगार, ऑफिसचा पत्ता, घरचा फोन, सगळं एका ठिकाणी ईमेलने पाठवलं. तास संपला म्हणून हाक आली आणि मी लॉगआउट न करताच उठलो.

त्या रात्रीपासून फोन सुरू झाले. पलीकडून कुणी बोलायचं नाही. बोललं तर तिचं नाव घेऊन. पंधरा दिवस हिने रात्री रिसीव्हर काढून ठेवला. मुलीने ऑफिसची वाट बदलली. मला ती एवढंच म्हणाली, "बाबा, मला विचारलं का नाही?"

मग मी जरा समजून घेतलं. वेबसाइटला मुळात माणूस लक्षात राहत नाही. दर पानाला तिच्या लेखी आपण नवं गिऱ्हाईक. १९९४ मध्ये नेटस्केप कंपनीतल्या लू मॉन्टुली या तरुणाने तोड काढली. आपल्याच कॉम्प्युटरमध्ये एक छोटी चिठ्ठी ठेवायची, ती दाखवली की ओळख पटते. तिचं नाव कुकी. हेतू साधा होता, पण चिठ्ठी ठेवल्याचं आपल्याला कुणी सांगत नव्हतं. फेब्रुवारी १९९६ मध्ये 'फायनान्शियल टाइम्स'ने लिहिलं, तेव्हा कुठे बोभाटा झाला. पुढे जाहिरातवाल्यांनी तिचा काय उपयोग केला, ते आपण रोज बघतोच. माझी चिठ्ठी कॅफेच्या मशीनमध्ये राहिली आणि पुढे येऊन बसलेला माणूस म्हणजे मीच ठरलो. चूक अर्थात चिठ्ठीची नाही, माझीच.

आता स्मरणिकेबद्दल. प्रत्येक फ्लॅटचे मोबाइल नंबर, जन्मतारखा, मुलांच्या शाळा छापायच्या आणि पीडीएफ ग्रुपवर टाकायची, असं चाललंय. फॉर्म कुटुंबप्रमुखाने भरायचाय. माझी विनंती आहे, नावं आणि फोटो खुशाल छापा, शाळा नि जन्मसाल नको. नंबर ज्याचा त्याला विचारून. आणि फॉर्मवर घरातल्या प्रत्येकाची सही घ्या.

आमचा फॉर्म अजून टेबलावरच आहे. हिची सही झाली. नात क्लासहून आली की तिला विचारतो.