नाव हरवलेला दगड

उरवडे असो की मुळशी-मावळातलं दुसरं गाव… देवळाजवळ वीरगळ, म्हणजे लढाईत पडलेल्या वीराचा स्मृतिदगड दिसला, तर जरा थांबा. बहुतेक वीरगळांवर नाव नसतं. सालही नसतं. तरी तो दगड बोलतो. खालच्या चौकटीत लढाई. मधे अप्सरा वीराला स्वर्गात नेतात. त्यावर तो शिवलिंगाची पूजा करतो. माथ्यावर चंद्र-सूर्य. म्हणजे कथा दगडातच आहे… हरवलंय ते फक्त नाव. त्या रिकाम्या जागेत लोककथा रुजते.

कुणी म्हणेल, अशा कथांनी इतिहास गढूळ होतो. शंका रास्त आहे. काळ ठरवायला दंतकथा पुरत नाही. तिथे शिलालेख हवा, शिल्पाची शैली पाहायला हवी. पण गावानं कथा जपली, शेंदूर लावला… म्हणून कित्येक दगड बांधकामात जाण्यापासून वाचले. लिहिलेली कथाही अशीच जागेकडे नेते. गो. नी. दांडेकरांची 'माचीवरला बुधा' राजमाची किल्ल्याच्या परिसरात घडते. ती कादंबरी पुरावा नव्हे. पण ती वाचणाऱ्याला राजमाची पाहावीशी वाटते, आणि शोध तिथून सुरू होतो. म्हणून पुन्हा सांगतो… नाव हरवलं, तरी दगड बोलतो. वीरगळ जागचा हलवू नका. त्याला ऑइलपेंट फासू नका. फोटो काढा. थोरामोठ्यांकडून त्याची कथा लिहून घ्या… आणि कथा कोणती, पुरावा कोणता, हे वहीत वेगवेगळं लिहा.