अपिलाचे कोर्ट निकालाच्या दिवशीच सांगा
(स्वागताध्यक्षीय भाषण)

सन्माननीय अध्यक्ष महोदय, उद्घाटक न्यायमूर्ती, व्यासपीठावरील मान्यवर आणि गावोगावच्या बार रूममधून आलेल्या वकील बंधुभगिनींनो,

साताऱ्यात आपले मनःपूर्वक स्वागत. इथून जवळच, कृष्णा-वेण्णेच्या संगमावर, रामशास्त्री प्रभुण्यांचे माहुली आहे. नारायणरावांच्या खुनाचा ठपका खुद्द रघुनाथरावांवर ठेवणाऱ्या न्यायाधीशाच्या गावाशेजारी फौजदारी वकिलांची परिषद भरते आहे, याचा स्वागत समितीला अभिमान वाटतो.

परिषदेचा विषय आहे, फौजदारी अपील कोणत्या न्यायालयात दाखल करायचे. कुणाला तो नवशिक्यांचा वाटेल. पण नातेवाईक शिक्षेच्या वर्षांवरून कोर्ट ठरवतात आणि घाईत आपणही कधी तसेच करतो. खुनाच्या प्रयत्नाच्या खटल्यात अतिरिक्त सत्र न्यायाधीशांनी किरकोळ दुखापतीचे कलम लावून वर्षभराचीच शिक्षा दिली, तरी अपील उच्च न्यायालयातच जाते. उलट मुख्य न्यायदंडाधिकाऱ्यांनी पूर्ण सात वर्षे दिली, तरी ते सत्र न्यायालयात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचे कलम ४१५ आधी विचारते, शिक्षा कोणी दिली. किती दिली, हा त्यानंतरचा प्रश्न.

तिसरा प्रश्न, अपील कोण करतो. पीडिताला कलम ४१३ ने अपिलाचा हक्क दिला आहे आणि दोषी ठरलेला आरोपी जिथे गेला असता, तिथेच पीडितानेही जायचे आहे. धनादेश न वटल्याच्या खटल्यात आरोपी सुटला की फिर्यादीला उच्च न्यायालयाची विशेष परवानगी मागावी लागे. असा फिर्यादीही पीडितच, असे सर्वोच्च न्यायालयाने २०२५ मध्ये सांगितल्याने त्याला आता परवानगीशिवाय सत्र न्यायालयात जाता येते.

चौथा प्रश्न, कोणत्या कायद्याखाली मुदत किती. सत्र न्यायालयातील अपिलाला ३० दिवस आणि उच्च न्यायालयातील अपिलाला ६० दिवस, हा आपला नेहमीचा हिशेब. पण फाशीविरुद्ध उच्च न्यायालयात जायला ३० दिवसच आहेत आणि मकोकाखालील अपिलालाही तेवढेच. त्यामुळे कोर्ट चुकले की मुदतही चुकते. ६० दिवस आहेत असे समजून पन्नासाव्या दिवशी उच्च न्यायालयात नेलेले अपील सत्र न्यायालयाचे निघाले, तर आधी विलंबमाफीचा अर्ज आणि मग शिक्षा स्थगितीचा. तोवर पक्षकार तुरुंगात.

आपल्या भागात आता उच्च न्यायालयाचे ठिकाणही बदलले आहे. चार दशकांहून अधिक काळ चाललेल्या मागणीनंतर १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंचचे काम सुरू झाले. सातारा, सांगली, सोलापूर, कोल्हापूर, रत्नागिरी आणि सिंधुदुर्ग या सहा जिल्ह्यांना आता उच्च न्यायालयासाठी मुंबई गाठावी लागत नाही. साताऱ्याहून कोल्हापूर मुंबईच्या निम्म्या अंतरावर आहे. सकाळी निघालेला पक्षकार आपल्या वकिलाला भेटून रात्री घरी पोचू शकतो.

आता परिषदेसमोर एक सूचना ठेवतो. संहितेच्या कलम ४०४ प्रमाणे तुरुंगवासाची शिक्षा झालेल्या आरोपीला निकालाची प्रत लगेच आणि विनामूल्य मिळते. मात्र अपिलाची मुदत न्यायालयाने स्वतःहून सांगायची ती फक्त फाशीच्या शिक्षेत. बाकीच्यांच्या हाती निकालाचा कागद पडतो. पुढे कुठे आणि कधीपर्यंत जायचे, ते त्यांनी ज्याला त्याला विचारायचे. ही उणीव भरून काढायला कायदादुरुस्तीची वाट कशाला पाहायची? खटला चालवणाऱ्या वकिलाने शिक्षेच्या दिवशीच आरोपीला आणि त्याच्या घरच्यांना मराठीत दोन ओळी लिहून द्याव्यात : अपील कोणत्या न्यायालयात, आणि शेवटची तारीख कोणती. वकीलपत्र पुढे दुसऱ्याकडे जाणार असले तरी हे आपलेच काम. जो वकील पुराव्याची पाने न् पाने जाणतो, त्याला हे लिहायला पाच मिनिटे लागतात. या दोन ओळींचा नमुना परिषदेने समारोपापूर्वी मंजूर करावा आणि प्रत्येक तालुक्याच्या बार रूममध्ये लावावा, अशी माझी विनंती आहे.

राहण्या-जेवणाच्या व्यवस्थेत काही कमी पडले तर स्वागत समितीतल्या कुणालाही हक्काने सांगा. पुन्हा एकदा सर्वांचे स्वागत करतो आणि अध्यक्ष महोदयांना परिषदेचे कामकाज सुरू करण्याची विनंती करतो.

जय हिंद, जय महाराष्ट्र!